दवाखान्यातली आई

“पर तुमाला एक पोरगी हाय की, बाई.”

महारुद्र आप्पा हे इतक्या सहज बोलले, की संघप्रियाला आधी हसूच आलं. तिला वाटलं, आप्पा दुसऱ्याच कुणाविषयी बोलतायत. तिने मागे वळूनसुद्धा पाहिलं. मागे कामगार संघटनेच्या खोलीचं दार होतं, दारापलीकडे सूतगिरणीचं फाटक, आणि पहिल्या पाळीच्या बाया केसांतला कापूस झटकत घराकडे निघाल्या होत्या. खोलीत दुसरं कुणी नव्हतं.

“मला?” ती म्हणाली.

“मंग? हात भाजला व्हता ती. काय बरं नाव... यशोधरा. मी सोता आलतो की परभणीच्या दवाखान्यात. तुमच्या मांडीवर निजली व्हती, हाताला ही एवढी पट्टी. बरी हाय ना आता?”

संघप्रियाने नवऱ्याकडे पाहिलं. जीवन तिच्या शेजारच्याच खुर्चीवर बसला होता आणि भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत होता. कॅलेंडर मागच्या वर्षाचं होतं. त्यात बघण्यासारखं काही नव्हतं, तरी तो बघत होता.

“आपल्या संघटनेच्या दवाखान्याच्या योजनेतलं हे जे नवं कलम हाय,” आप्पा समजावून सांगू लागले, “ते फकस्त लेकरूच नसलेल्या जोडप्याला हाय. हयात एक जरी लेकरू असलं, तर दुसऱ्यासाठी ह्या उपचाराचा खर्च योजना देत न्हाई. नियम कडक ठिवलाय, न्हाईतर कुणीबी यील. तुमचं काही अडलं न्हाई, बाई. एक हाय, पोरगी हाय, देखणी हाय. तिलाच शिकवा.”

यशोधरा ही संघप्रियाच्या जावेची मुलगी. सुकेशनीची. सिद्धोधनची. जीवनच्या सख्ख्या थोरल्या भावाची पोर.

हे वाक्य संघप्रियाच्या जिभेवर आलं होतं. पण जीभ जागची हलेना. लग्नाला सात वर्षं झाली; सात वर्षांत बारशाला, लग्नाला, बुद्धविहारात, नळावर, जिथे जाईल तिथे कुणी ना कुणी विचारलेलं, “काही हाय का?” आणि तिने नुसती मान हलवलेली. उभ्या सेलूत हा एकच माणूस असा निघाला, की जो म्हणतो, तुम्हाला आहे. आणि तोच तिला दारातून परत पाठवत होता.

“येतो आप्पा,” जीवन उठत म्हणाला. “जयभीम.”

“जयभीम, जयभीम. चहा तर घ्या.”

ते चहा न घेता निघाले.

खरं तर त्या दिवशी ती नवी साडी नेसून आली होती. योजनेची माहिती छापलेला कागद गिरणीच्या फाटकावर लागला, तेव्हा जीवनने एक प्रत घरी आणून दिली होती, आणि तेव्हापासून संघप्रिया तो भाकरी थापताना, डबा भरताना, दळण आणायला जाताना वाचत होती. बारावी झालेली बाई. पण कलमं वाचायची म्हणजे आंब्यातली कोय चोखल्यासारखं पुन्हापुन्हा. नवऱ्याच्या तपासण्याही योजनेत बसतात, हे तिने जीवनला दोनदा वाचून दाखवलं, कारण आजवर तपासण्या सगळ्या तिच्याच झाल्या होत्या. टेस्ट ट्यूबचे दोन प्रयत्न योजना देणार. इंजेक्शनं दवाखान्यातून घेतली तर मिळणार, बाहेरच्या दुकानातून घेतली तर नाही. आधी मंजुरी घ्यायची, मग उपचार सुरू करायचे. उलटं केलं तर एक पैसा नाही. बाळंतपण वेगळ्या कलमात. हे तर तिने मुद्दाम शेवटी वाचलं होतं, गोड घास शेवटी ठेवावा तसं.

हे कलम सुखासुखी आलेलं नव्हतं. वार्षिक सभेत गिरणीतल्या बायांनीच ते मागितलं होतं. तेव्हा पुढच्या रांगेतला एक जण म्हणाला होता, “लेकरू न होणं हा काय आजार हाय का?” त्यावर मालनबाई उभी राहून म्हणाली, “आजार न्हाई? मंग गावातलं जे माणूस भेटंल ते मला औषध कामून सांगतंय?” सगळी सभा हसली होती आणि हसता हसताच हात वर झाले होते. कामगारांच्या पगारातून दरमहा कपात होते, तेवढीच भर गिरणी घालते. योजना त्यांचीच, नियमही त्यांचेच.

परभणीच्या डॉक्टरीणबाईंनी दिवाळीच्या आधीच सांगितलं होतं, “वय तुमच्यासाठी थांबणार नाही. अंडी कमी होत चाललीत. करायचं तर याच वर्षात करा.” करायचं तर! तेवढा खर्च करणारं घर असतं तर ती इतकी वर्षं थांबली असती का? आणि मग अचानक तो कागद फाटकावर लागला. ‘हयात अपत्य नसलेल्या सभासद जोडप्यास.’ ती ओळ वाचताना तिला पहिल्यांदा वाटलं होतं, नसण्याचाही कुठे तरी उपयोग होतो.

गिरणीपासून घरापर्यंतच्या रस्त्यावर कापसाच्या गाड्या उभ्या होत्या. जीवन पुढे, ती मागे. एका गाडीच्या आडोशाला ती थांबली.

“आप्पा काय बोलायले व्हते?”

“चल, घरी सांगतो.”

“इथं सांगा.”

जीवन थांबला. पायातली चप्पल त्याने उगाच झटकली. “यशूचा हात भाजला, तवा... योजनेत कोण बसतंय? सभासद, बायको, लेकरं, आईबाप. पुतणी बसत न्हाई. दादा मोंढ्यात हमाली करतो, त्याला कुठली योजना? डॉक्टर म्हणाले, आता आपरेशन न्हाई केलं तर बोटं एकाला एक चिकटून ऱ्हातील. मंग मी म्हणलं, पोरगी माझी हाय.”

“कुणाला म्हणलं?”

“आप्पाला. आप्पा दवाखान्यात आलते ना बघायला. मला वाटलं, आता इसरले असतील.”

संघटनेची ही रीत जुनी. कामगारांपैकी कितीकांकडे धड जन्माचे दाखले नसत, म्हणून कागदाच्या भरवशावर काही ठेवायचं नाही, असं पहिल्यापासून ठरलेलं. कमिटीचा एक माणूस दवाखान्यात जातो, आजारी माणूस डोळ्यांनी बघतो, सभासदाला तोंडी विचारतो, आणि येऊन कमिटीपुढे सांगतो. माणसाच्या तोंडावर विश्वास. आजवर ती योजना त्या विश्वासावर चालली होती.

“आप्पा दारातून आत बघायले,” जीवन खालच्या आवाजात म्हणाला. “तुझ्या मांडीवर यशू. नर्स आली अन् म्हणली, यशूची आई, जरा हात वर धरा. आप्पानं मला इचारलं, तुझीच ना रे? मी हो म्हणलं. दुसरं काय म्हणायचं व्हतं? एका चुलीवर जेवतो आपण. तुझीमाझी कवा केली का आपण ह्या घरात?”

संघप्रियाच्या कानात एकदम गाडीच्या बैलांच्या घंटा मोठ्या झाल्या. तिला तो दवाखाना आठवला. म्हणजे तो ती कधी विसरलीच नव्हती. आंघोळीचं तापलेलं पाणी पोरीने अंगावर ओढून घेतलं तो दिवस, आणि नंतरचे दवाखान्यातले दिवस. पट्टी बदलताना यशू किंचाळायची, आणि ती तिला मांडीवर घेऊन रेल्वेची स्टेशनं म्हणायची. सेलू, मानवत रोड, पेडगाव, परभणी, पिंगळी, मिरखेल, पूर्णा. पूर्णा येईपर्यंत पट्टी निघालेली असायची. नर्स म्हणायची, “यशूची आई, किती छान सांभाळता हो.” तिने ते कधी दुरुस्त केलं नाही. नर्सचं चुकलं, चुकू दे, असं म्हणून तिने ते दोन शब्द पदराच्या गाठीत बांधावेत तसे घरी आणले होते. दुपारी घरात कुणी नसलं की ती गाठ सोडून बघायची.

ते नर्सचं चुकणं नव्हतंच. तिच्या नवऱ्याने तिला तिथे बसवलं होतं, आप्पांना दाखवायला.

“म्हंजी मी साक्षीला बसले व्हते,” ती म्हणाली.

“तसं न्हाई गं...”

“तसंच हाय.”

घरी सासूबाई चांगुणाबाई ओट्यावर ऊन खात बसल्या होत्या. “काय झालं, मंजूर झालं का?” त्यांनी विचारलं. संघप्रिया सरळ आत गेली. मागच्या अंगणात सुकेशनी सुपात ज्वारी पाखडत होती. उंच, खड्या आवाजाची, हसली तरी भांडतेय असं वाटावं अशी ही जाऊ. संघप्रिया तिला अक्का म्हणायची.

“अक्का, यशू योजनेत माझ्या नावावर हाय.”

सूप थांबलं नाही. फोलकटं उडत राहिली.

“अक्का.”

“आयकलं. मला काय नवं सांगायलीस?”

संघप्रिया मटकन खाली बसली. आप्पांच्या खोलीत बसला तो एक धक्का, रस्त्यात बसला तो दुसरा. पण पाठीत बसावा तसा हा होता.

“तुला ठावं व्हतं?”

आता सुकेशनीने सूप खाली ठेवलं. “मला त्याच दिवशी कळलं. तुझ्या मोठ्या भाऊजीनं मला दवाखान्याच्या जिन्यात थांबवलं. म्हणले, आत जाऊ नको, संघटनेचे लोक आलेत. कुणी इचारलं तर चुलती हाय म्हण. मी म्हणलं, कुणाची चुलती? ते म्हणले, आपल्या यशूची.” ती हसली, तिचं ते भांडल्यासारखं हसणं. “लेकरू आत आई आई करून रडायलंय, अन् मी जिन्यात उभी. येणारा जाणारा इचारायचा, तुमी कोण? मी म्हणायची, चुलती. लोक गेले की मी आत यायची, तवर तू तिला निजवलेलं असायचं. ठेसनं म्हणून म्हणून.”

“मला सांगितलं कामून न्हाईस?”

“काय सांगू? नर्स तुला यशूची आई म्हणायची, तवा तुझं तोंड कसं व्हायचं, ते तू बघितलं न्हाईस. मी बघितलंय. मी म्हणलं, घेऊ दे चार दिवस. भिकारणीच्या झोळीत पडलंय, काढून कामून घ्यायचं?”

बोलून गेल्यावर सुकेशनीच्याच लक्षात आलं. तिने पदर तोंडाला लावला. संघप्रिया उठली, न्हाणीत गेली, दाराला कडी घातली आणि नळ सोडला. नळाला पाणी नव्हतं. तरी ती तो सोडून उभी राहिली.

बऱ्याच वेळाने दारावर थाप पडली.

“प्रिया. दार उघड. माझी जीभ जळो.”

“जाऊ दे अक्का.”

“जाऊ कसं दे? उघड. तुला काय वाटलं, मला लय सोपं गेलं? घरी आल्यावर कितीक दिवस पोरगी माझ्याकडं यायची न्हाई. पट्टीला तूच लागायची. मी हात लावला की म्हणायची, तुला ठेसनं येत न्हाईत.”

संघप्रियाने दार उघडलं. दोघी जावा न्हाणीच्या उंबऱ्यावर बसल्या.

“जा तू,” सुकेशनी म्हणाली. “आप्पाला सांग. पोरीचं नाव काढ तिथून.”

“अन् तिचं आपरेशन?”

इथेच सगळं अडत होतं. डॉक्टरांनी तेव्हाच सांगून ठेवलं होतं, पोरगी वाढेल तशी भाजलेली कातडी ओढली जाईल, पुन्हा सोडवावी लागेल. एकदा नाही, वाढ थांबेपर्यंत. यंदा करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट तळव्याकडे वळायला लागलं होतं. पेन्सिल दुसऱ्या हातात असायची म्हणून बरं. पण वही धरायची तर तोच हात. या थंडीत आपरेशन करायचं ठरलं होतं, त्याच दवाखान्यात. आणि त्याच योजनेतून, हे संघप्रियाला आज कळत होतं; आजवर तिला वाटायचं, भाऊजींनी मोंढ्यातून उचल घेतली असेल.

संध्याकाळी सिद्धोधन मोंढ्यातून आला, तेव्हा घरात सगळ्यांना सगळं कळलेलं होतं. तो भिंतीला टेकून बसला. लहान भावाच्या बायकोशी थेट बोलायची त्याला सवय नव्हती. तो जीवनकडे बघून बोलायचा.

“जीवन, तिला म्हणावं, माझी चूक हाय. मीच तुला म्हणलं व्हतं हो म्हण म्हणून.”

“आता ते कशाला, दादा.”

मग जीवनने तोडगा काढला. त्याला वाटलं, लई चांगला तोडगा आहे. “असं करू. दोन महिने थांबू. यशूचं आपरेशन होऊन जाऊ दे. मंग मी सोता जातो आप्पाकडं अन् खरं काय ते सांगतो. मंग तिचं नाव काढलं की आपलं मंजूर.”

चांगुणाबाईंना ते पटलं. सिद्धोधनने मान खाली घातली, म्हणजे त्यालाही पटलं. क्षणभर संघप्रियालाही पटलं. दोन महिने काय, डोळे मिटून निघून जातील.

यशू तेव्हा तिच्याच मांडीला टेकून बसली होती. रोज संध्याकाळी संघप्रिया तिच्या हाताला खोबऱ्याचं तेल चोळायची. कातडी मऊ राहावी म्हणून डॉक्टरांनी सांगितलेलं. तिचा अंगठा त्या गुळगुळीत, चकाकत्या कातडीवरून सवयीने फिरत होता, करंगळीपाशी येऊन अडत होता. “काकू, दुखतंय,” यशू म्हणाली. आणि त्या अडलेल्या बोटापाशी संघप्रियाला एकाएकी सगळं दिसलं.

“पुढच्या आपरेशनला काय करायचं?” तिने विचारलं.

“कोणच्या?”

“ह्याच्या पुढच्या. अन् त्याच्या पुढच्या. हात वाढायचा थांबंस्तोवर. तवर ही माझी पोरगी ऱ्हाणार, अन् ही माझी पोरगी हाय तवर मला लेकरू होणार न्हाई. आज दोन महिने म्हणायलेत. परत दोन महिने म्हणाल.”

चांगुणाबाईंनी भाजी चिरायची विळी बाजूला सारली. जीवन तिच्याकडे बघत होता, जणू ती पहिल्यांदाच बोलली होती.

“अन् अजून एक हाय,” ती म्हणाली. “मला ते आवडतंय. कुठं तरी मी हिची आई हाय, हे मला आप्पाच्या तोंडून आयकताना आवडलं. मला माझीच भीती वाटायलीय.”

सुकेशनी उठली. तिने यशूचा हात हळूच जावेच्या हातातून काढून आपल्या हातात घेतला, तेलाची वाटी ओढली आणि चोळायला लागली. चोळणं तिचं जरा दांडगं होतं. यशूने तोंड वाकडं केलं, पण हात काढला नाही.

“रविवारी कमिटी बसती,” सुकेशनी म्हणाली. “मी बी यीन.”

कमिटी फाटकाजवळच्या लिंबाखाली सतरंजीवर बसायची. रविवारी ते चौघं, दोघे भाऊ आणि दोघी जावा, तिथे गेले. जीवनने उभं राहून सांगितलं. लहान आवाजात सुरुवात केली, कुणी तरी “मोठ्यानं” म्हणालं, तेव्हा मोठ्याने सांगितलं. महारुद्र आप्पा ऐकत राहिले. त्यांचा चेहरा उतरत गेला, ते संघप्रियाला समोरून दिसत होतं.

“मी माझ्या डोळ्यानं बघितलं व्हतं,” आप्पा शेवटी म्हणाले. सगळ्यांना नाही, स्वतःशीच. “पोरगी तिच्या छातीला चिकटलेली. मी कमिटीला येऊन सांगितलं, आई लय मायेची हाय. ह्याच झाडाखाली सांगितलं.” मग ते ताठ बसले. “जे तोंडानं मंजूर झालं, ते तोंडानंच मोडलं पाहिजे. बाई, उभं ऱ्हावा.”

संघप्रिया उभी राहिली. सतरंजीवरचे सगळे तिच्याकडे बघत होते. मालनबाईसुद्धा होती.

“यशोधरा कुणाची पोरगी?”

शेजारी सुकेशनी होती. तिचा श्वास ऐकू येत होता. संघप्रियाला वाटलं होतं, हे सोपं असेल, खरं तर आहे. पण तोंड उघडताना दवाखान्यातली ती खाट, ती उशी, मांडीवरचं ते गरम डोकं, सगळं एकदम समोर आलं.

“माझ्या जावेची,” ती म्हणाली. “सुकेशनीची.”

“अन् तुमाला लेकरू?”

सात वर्षं हा प्रश्न तिने चुकवला होता. कुणी विचारायच्या आत उठून पाणी आणायला गेली होती, बोलणं दुसरीकडे वळवलं होतं, हसून मान हलवली होती. तोंडाने शब्द कधी काढला नव्हता. आता लिंबाखाली, पंधरा-वीस माणसांसमोर, तो काढल्याशिवाय दार उघडणार नव्हतं.

“न्हाई,” ती म्हणाली. “मला लेकरू न्हाई.”

कुठेच काही कोसळलं नाही. झाडावरचा एक कावळा उडाला तेवढंच. तिला नवल वाटलं.

मग बरीच बोलाचाली झाली. एक जण म्हणाला, जीवनला योजनेतून काढा, कायमचं. दुसरा म्हणाला, काढलं तर मग बाईचे उपचार कसे? पहिला म्हणाला, नाही तर नाही, फसवलंय. इतकं बोलून, इतकं सोडून, तरीही संघप्रियाचे हात रिकामेच राहणार होते तर. तेव्हा मालनबाई बसल्याजागूनच म्हणाली, “फसवलं कुणी? हिनं? हिला तर तिथं निस्ती बसवली व्हती. अन् सजा त्याची, पर वय हिचं; ते काय थांबून ऱ्हातंय व्हय?”

शेवटी आप्पांनीच निवाडा केला. यशूच्या तेव्हाच्या उपचाराचा खर्च जीवनच्या पगारातून हप्त्याहप्त्याने वळता होईल. यशू योजनेत राहणार नाही. आणि जीवन रोग्यांना बघायला दवाखान्यात जाण्याची कमिटीची सगळी कामं वर्षभर करील, पण साक्ष द्यायचा हक्क त्याला नाही. नुसता डबा पोचवायचा.

“बाईचं?” मालनबाईने विचारलं.

“बाईचं मंजूर,” आप्पा म्हणाले. “तिनं खरं सांगितलंय. मी सोता ऐकलंय.” पण संघप्रियाकडे त्यांनी मान वर करून पाहिलं नाही, त्या दिवशीही आणि नंतर कितीतरी दिवस.

यशूचं आपरेशन मग परभणीच्या सरकारी दवाखान्यात करायचं ठरलं. तिथे गर्दी फार. आज या, उद्या या करत तारीख लांबली, तोवर करंगळी आणखी वळली. मिळालेल्या तारखेला तिघी पहाटेच्या गाडीने निघाल्या, दोघी जावा आणि मधे यशू. त्याच आठवड्यात संघप्रियाची इंजेक्शनं सुरू झाली होती. रोज एक, पोटात. कमरेला साडीची गाठ बसते तिथे निळसर डाग पडला होता, आणि गाडीत बसताना तो दुखला, तेव्हा तिला मनातल्या मनात बरं वाटलं.

वळलेल्या बोटांच्या घडीत कातडी चिघळली होती; आपरेशनच्या आधी ती साफ करायची होती. दारातल्या नर्सने यादी बघितली नाही, वर बघितलं नाही. “पेशंटसोबत एकच जण. आई कोण?”

दोघीही एकदम पुढे झाल्या. सवय होती ना. संघप्रियाचं एक पाऊल उंबऱ्याच्या आत पडलंही होतं.

तिने ते मागे घेतलं.

“प्रिया,” सुकेशनी कुजबुजली. “तूच जा. मला बघवंना. ती रडली तर मला काय येतंय?”

“न्हाई अक्का. तू जा.”

“तुझ्याकडं ऱ्हाती ती शांत.”

“तुझ्याकडं बी ऱ्हाईल. जा.” तिने जावेच्या पाठीला हात लावून तिला आत ढकललं. जरा जोरातच ढकललं.

दार लागलं. नर्स तिच्याकडे वळली. “आणि तुम्ही कोण?”

“चुलती.”

“मग तिकडे बाकावर बसा.”

ती बाकावर बसली. यशूचं स्वेटर आणि डब्याची पिशवी मांडीवर घेऊन बसली. बाजूची बाई काही विचारत होती, तिला ऐकू आलं नाही. सगळे कान त्या दाराला होते. आधी काही नाही. मग भांड्यांचा आवाज. मग यशूची किंकाळी.

“काकू! काकूऽऽ!”

संघप्रिया अर्धी उठली. तिने बाकाची कड दोन्ही हातांनी धरली आणि स्वतःला खाली बसवलं. दारातून पुन्हा किंकाळी आली, पुन्हा तिचंच नाव. तिने डोळे मिटून घेतले. ही ओढ इतकी असेल, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. आतून कुणी तरी पोटाला धरून ओढत होतं, आणि पोटात तर अजून काहीच नव्हतं.

मग दाराआडून सुकेशनीचा खडा आवाज आला. घाबरलेला, अडखळणारा, भांडल्यासारखा.

“सेलू... सेलू, मंग पेडगाव... पेडगाव, मानवत रोड...”

किंकाळी थांबली. हुंदका आला. आणि हुंदक्याच्या मधूनच यशूचा आवाज, रडका आणि वैतागलेला:

“तसं न्हाई गं आई! आधी मानवत रोड!”

“बरं बाई. मानवत रोड. मंग?”

“मंग पेडगाव. मंग परभणी.”

“अन् परभणीच्या पुढं?”

बाकावर संघप्रियाचे ओठ हलले. आवाज तिने काढला नाही. पिंगळी, ती मनात म्हणाली, आणि आतून पिंगळी ऐकू यायची वाट बघत राहिली.